नाचणारे किती, बघणारे किती

यंदाच्या अंकाचा विषय ‘चुरस’ ठरला आणि माझ्या वाट्याला नाचाचा सिनेमा आला. नाचाच्या सिनेमाची गोष्ट बहुतेक वेळा एकच असते. पोरांच्या अंगात कला असते, खिशात दमडी नसते. गुरू भेटतो, तोही कुठून तरी बाहेर काढलेला. तालमीत भांडणं होतात, गट फुटतो, पुन्हा जुळतो. आणि शेवटी एका अजस्र स्टेजवर, परीक्षकांच्या समोर, चार-पाच मिनिटांत आयुष्यभराचा हिशेब चुकता होतो.

रेमो डिसूझाचा ‘एबीसीडी’ हा या घराण्यातला आपल्याकडचा एक गाजलेला सिनेमा. फेब्रुवारी २०१३ मध्ये तो थ्रीडीत आला. प्रभुदेवानं रंगवलेला विष्णू जहांगीरच्या चकचकीत अकादमीतून बाहेर पडतो, मित्र गोपीच्या आश्रयाला येतो आणि वस्तीतली, एकमेकांशी हाडवैर धरून बसलेली पोरं गोळा करून त्यांचा गट बांधतो. टीव्हीवरच्या स्पर्धेच्या अंतिम फेरीच्या तोंडावर या गटाचा नाच चोरीला जातो. मग ऐन वेळी ही पोरं आपल्या गल्लीतला गणपती स्टेजवर आणतात आणि बाजी मारतात. दोन वर्षांनी आलेल्या ‘एबीसीडी २’ला तर खऱ्या माणसांचा आधार होता. वसई-नालासोपारा पट्ट्यातले सुरेश मुकुंद आणि व्हर्नन मोंतेरो, नक्कल केल्याचा त्यांच्यावर आलेला आरोप, आणि त्यानंतर लास व्हेगासपर्यंत मारलेली धडक, ही ती गोष्ट. सुरेश मुकुंदच्या चमूनं पुढे २०१९ मध्ये ‘द किंग्ज’ या नावानं अमेरिकेतली ‘वर्ल्ड ऑफ डान्स’ स्पर्धा जिंकली, तेव्हा वास्तव सिनेमाच्याही पुढे गेलं.

हे सगळं मुंबईचं झालं. नाचाची चुरस मुंबईच्या लोकल गाड्यांपासून दूर, सातपुड्यात कशी दिसते ते बघावं म्हणून मी नंदुरबार गाठलं. या जिल्ह्यातून मुंबईपेक्षा सुरत जवळ. १ जुलै १९९८ रोजी धुळ्यातून वेगळा झालेला हा जिल्हा. २०११ च्या जनगणनेनुसार लोकसंख्या साडेसोळा लाखांच्या घरात, आणि त्यातले शंभरातले एकोणसत्तर आदिवासी : भिल्ल, पावरा, मावची, कोकणा, धानका. ‘मला नाचता येत नाही’ असं म्हणणारा माणूस इथल्या पाड्यांवर शोधावा लागतो. ‘एबीसीडी’ म्हणजे ‘एनी बडी कॅन डान्स’, आणि हे सिद्ध करायला सिनेमाला अडीच तास लागतात. इथल्या काठी गावच्या होळीत हा प्रश्नच कुणाला पडत नाही.

काठीची रात्र

अक्कलकुव्याहून देवगोईचा घाट चढून मोलगीच्या रस्त्याला लागलं की काठी येतं. काठीचं संस्थान गेलं त्याला पाऊण शतक झालं, तरी इथल्या होळीला अजून ‘राजवाडी होळी’च म्हणतात. ती १२४६ पासून पेटते आहे असं काठीत सांगतात. होळीचा दांडा म्हणजे सत्तर फुटांच्या आसपासचा सरळसोट बांबू. तो गुजरातच्या जंगलातून आणायचा. ज्या खड्ड्यात तो उभा करायचा तो खड्डा हातांनीच उकरायचा, त्याला हत्यार लावायचं नाही. आणि इतर गावांत होळी संध्याकाळी पेटते, तशी इथे पेटत नाही. आधी रात्रभर नाच, मग पहाटे आग.

सूर्य कलला की चहूबाजूंनी ढोल येऊ लागतात. एकेका पाड्याचा जथा आपला ढोल पुढे घालून डोंगर उतरतो, त्यामुळे माणसं दिसायच्या आधी ती ऐकू येतात. मैदानात पोचल्यावर ढोलवाले मध्ये राहतात आणि त्यांच्याभोवती माणसं फिरू लागतात. बायका एकमेकींच्या कमरेत हात घालून रांग धरतात, गात गात दोन पावलं पुढे, एक मागे. असे एक-दोन नव्हे, कितीतरी गोल एकाच वेळी फिरत असतात. एका ढोलाचा ताल दुसऱ्यात मिसळतो आणि तरी कुणाचं पाऊल चुकत नाही, कारण ज्याचा त्याचा कान आपल्या ढोलाला बांधलेला असतो.

या गोलाची रचना बारकाईनं बघावी. सगळ्यांची तोंडं आत, ढोलाकडे. बाहेर उभ्या असलेल्याला फक्त पाठी दिसतात. थकलेला माणूस हात सोडून बाहेर पडतो, कडेला बसून बिडी ओढतो, त्याची जागा लगेच भरली जाते. नवा आला तर दोघांच्या मध्ये घुसतो. त्याला कुणी विचारत नाही की तुला पावलं येतात का. चार फेऱ्यांत येतात. सत्तरीची आजी आणि सात वर्षांचा नातू एकाच गोलात असू शकतात, आणि गोलाचा वेग त्या दोघांना झेपेल इतकाच असतो. गंमत म्हणजे अडचण होते ती बघणाऱ्याची. मोबाइल वर धरून मी उभा राहिलो तेव्हा दोनदा बाजूला ढकलला गेलो. त्यात राग नव्हता. नाचाच्या वाटेत खांब आला, इतकंच.

अर्थात काठीची रात्र म्हणजे कुणी न बघता चालणारा भाबडा सोहळा, असं मानायचं कारण नाही. होळी संस्थानची, म्हणजे राजासमोर नाचणं त्यात आलंच. शेजारच्या डांगमध्ये आहव्याला होळीआधी डांग दरबार भरतो, तिथे भिल्ल राजांना सालियाना मिळतो आणि नाचही होतो. सत्तेसमोर नाचण्याची सवय या डोंगरांना जुनी आहे. आता राजाच्या जागी वाहिन्यांचे कॅमेरे आणि यूट्यूबवाले आलेत.

पालनी

चुरस नाही म्हणजे मेहनत नाही, असा समज सिनेमा करून देतो. तालमीची दृश्यं आठवा : घामानं थबथबलेली पोरं, आरशाची भिंत, पडणं, उठणं. काठीच्या होळीत नवसाचं सोंग घेऊन नाचणाऱ्या बुध्याची तयारी या सगळ्याला पुरून उरते, फक्त ती कुणी चित्रित करत नाही.

होळीत नवस फेडायला जे नाचतात त्यांची सोंगं ठरलेली आहेत. बावा किंवा बुध्या, मोरखी, आणि बाईच्या वेषातला पुरुष म्हणजे काली. बुध्याच्या डोक्यावर बांबूच्या कामट्यांचा आणि मोरपिसांचा उंच टोप असतो, अंगावर राखेची नक्षी, कमरेला सुकवलेल्या दुधी भोपळ्यांची नाहीतर घुंगरांची माळ. तो नाचतो तेव्हा पाऊल खाली आणि कंबर आडवी जाते, भोपळे एकमेकांवर आपटतात आणि त्यातूनच दुसरा ताल निघतो. म्हणजे वेष हाच वाद्य असतो. कंबर चुकली की ताल चुकलाच, आणि तो सगळ्यांना ऐकू येतो.

पण त्याआधी पालनी असते. होळीपूर्वी ठरावीक दिवस खाटेवर बसायचं नाही, जमिनीवर झोपायचं. पायात चप्पल घालायची नाही. अंघोळ वर्ज्य. बाईचा स्पर्श टाळायचा, आपलं अन्न आपण शिजवायचं. एकदा सुरू केलेला नवस काही वर्षं सलग चालवायचा असतो. एक वर्ष हौस म्हणून नाचलं आणि पुढच्या वर्षी सोडून दिलं, असं चालत नाही. एवढं करून रात्रभर नाचायचं, पहाटे होळीची आग बघायची, आणि तिथून पुढच्या गावच्या होळीला निघायचं. सातपुड्यातली होळी एका रात्रीत संपत नाही, ती गावोगाव फिरते.

या तपाला बक्षीस नाही. नवस पुरा झाला की झालं. कुणाचा टोप अधिक देखणा, कुणाच्या ढोलाचा आवाज मोलगीपर्यंत गेला, याची चर्चा मात्र जोरात होते आणि ती वर्षभर पुरते. पाड्यापाड्यांत ईर्षा आहेच. फक्त तिचा निकाल कुणी माइकवरून जाहीर करत नाही, त्यामुळे प्रत्येक पाडा आपणच जिंकलो असं समजून घरी जातो.

पाठ दाखवायची नाही

आता त्याच डोंगरातल्या एका आश्रमशाळेत येऊ. जिल्ह्यात आदिवासी विकास विभागाचे दोन प्रकल्प, एक नंदुरबारचा आणि एक तळोद्याचा. त्यांच्याखाली निवासी आश्रमशाळांचं जाळं. मुलं आठवड्यांचे आठवडे घरापासून लांब. इथे नाच शिरतो तो स्नेहसंमेलनातून, ‘आदिवासी दिना’तून आणि स्पर्धांतून.

सर तालीम घेत होते. मुलं नेहमीसारखी गोलात फिरू लागली आणि सर ओरडले, “ए, पाठ दाखवू नका रे! परीक्षक समोर बसणार, समोर बघा.” मुलं गोंधळली. गोलात फिरायचं तर अर्ध्या जणांची पाठ लोकांकडे होणारच. मग गोल उघडला, अर्धा झाला, शेवटी दोन ओळी झाल्या. ढोलवाला मध्ये होता, तो विंगेच्या बाजूला गेला. आता मुलांनी ढोलाकडे बघायचं की परीक्षकांकडे, हा नवा प्रश्न उभा राहिला. सरांनी तो सोडवला : ढोल मोबाइलवर रेकॉर्ड करून घ्यायचा आणि स्पीकरवर लावायचा. ताल पक्का राहतो आणि एक माणूस वाचतो.

सर वाईट काम करत होते असं मुळीच नाही. स्पर्धेच्या नियमांत एक गणित असतं आणि ते त्यांना सोडवायचं होतं. नाच थोड्या मिनिटांत बसला पाहिजे. कलाकारांची संख्या ठरलेली. प्रवेश आणि निर्गम दिसले पाहिजेत. शेवट जोरदार हवा, म्हणून डांगी नाचातला मनोरा शेवटच्या तालावर चढवायचा, मग तो या गावच्या नाचात असो वा नसो. रात्रभर एकाच पावलावर हळूहळू चढत जाणारी नशा पाच मिनिटांत आणायची तर पावलं बदलावीच लागतात, कारण परीक्षकाला ‘तेच तेच’ दिसून चालत नाही. काठीत तेच तेच हाच नाचाचा प्राण आहे. स्टेजवर तो दोष ठरतो.

‘एबीसीडी’चा गणपतीचा नाच इथल्या पोरांना तोंडपाठ आहे. थिएटर गाठायला डोंगर उतरावा लागतो, पण सिनेमा आधी मेमरी कार्डातून आला आणि मग जिथे रेंज मिळते त्या टेकडीवरून आला. त्यामुळे एका कार्यक्रमात पारंपरिक ढोलनाच आणि लगोलग ‘हिपहॉप’ असं सर्रास चालतं. मुलांना दोन्हीत विसंगती वाटत नाही. मोठ्यांनाच ती वाटते.

ढोल तापवायचा कुठं

एक बारीक गोष्ट स्टेजनं साफ विसरली आहे. ढोल तापवावा लागतो. लाकूड कोरून केलेल्या या मोठ्या ढोलाचं कातडं हवेतल्या ओलीनं सैल पडतं आणि आवाज बसका येतो. मग तो आगीजवळ धरायचा. फार जवळ नेला तर कातडं करपेल, फार लांब धरला तर ताणच येणार नाही. जाणता माणूस तळहात कातड्यावर ठेवतो, बोटानं एक टिचकी मारतो, पुन्हा फिरवतो. आवाज ‘धब’वरून ‘ढण्ण’वर आला की ढोल गळ्यात. होळी पहाटे पेटणार असली तरी कडेची शेकोटी रात्रभर जवळ असते, त्यामुळे दर तासा-दोन तासांनी ढोल तापून येतो आणि नाच पुन्हा उसळतो. रात्रीचा चढ-उतार हा असा कातड्याच्या ताणावर चालतो.

जागतिक आदिवासी दिन येतो ९ ऑगस्टला, म्हणजे ऐन पावसात. शहरातून मिरवणूक निघते, ढोल भिजतात. सभागृहात नेले तर तिथे आग पेटवायला बंदी, आणि ते रास्तच आहे. मग ढोलाचे फटके जोरात पडतात, पण आवाज मातीत मारल्यासारखा येतो. माइक तो अजूनच बसका करतो, आणि बायकांचं गाणं तर माइकपर्यंत पोचतच नाही, कारण त्या एकमेकींकडे तोंड करून गातात. शेवटी रेकॉर्डिंग जिंकतं.

सुपारी, टिमली आणि ड्रोन

पैशासाठी नाचणं, दुसऱ्यावर मात करणं इथे नव्यानं आलं असंही नाही. या भागातल्या सोंगाड्या पार्ट्या लग्नात, जत्रेत सुपारी घेऊन रात्र जागवत आल्या. बायकांची कामं पुरुषच करतात. पार्टी चांगली की वाईट हे प्रेक्षक तिथल्या तिथे ठरवतात. पोरं उठून गेली तर पुढच्या वर्षी सुपारी दुसऱ्याला. तापीकाठच्या सारंगखेड्यात दत्तजयंतीच्या यात्रेत तर घोडेही नाचतात. घोडेबाजारात नाचकामाचा घोडा वेगळाच भाव खातो, आणि हलगीवर पुढचे पाय उचलणाऱ्या घोड्याभोवती जाणकारांचं कोंडाळं पडतं. तिथला परीक्षक हातात रोकड घेऊनच उभा असतो.

आज खरी चुरस मात्र मोबाइलच्या पडद्यावर आहे. तिचं नाव टिमली. गुजरात, मध्य प्रदेश आणि महाराष्ट्र यांच्या सीमेवरचा हा रांगेचा नाच. कीबोर्ड आणि ऑक्टोपॅडवर तो असा काही दौडतो की लग्नाच्या मांडवात डीजेला दुसरं काही वाजवूच देत नाहीत. पावरी, भिलोरी, मावची बोलीतली गाणी गावातली पोरं स्वतः लिहितात, तालुक्याच्या स्टुडिओत रेकॉर्ड करतात आणि शूटिंगला तोरणमाळ गाठतात. यशवंत तलावाच्या काठावर एकसारखी जाकिटं आणि गॉगल घातलेली पोरं, घागऱ्यातल्या पोरी, वर घोंघावणारा भाड्याचा ड्रोन. पैसे वर्गणीतून उभे राहतात. गाणं चाललं तर लग्नसराईच्या सुपाऱ्या मिळतात, नाही चाललं तर पुढच्या गाण्यासाठी पुन्हा वर्गणी.

टिमलीवर नाक मुरडणारे बरेच आहेत, पण दोन गोष्टी मान्य कराव्या लागतील. एक, ज्या बोली शाळेच्या फळ्यावर कधी आल्या नाहीत त्यांच्यात नवी गाणी रोज बनताहेत आणि ती सीमेपलीकडेही ऐकली जाताहेत. दोन, व्हिडिओत नाचणारे सहा जण असले तरी तेच गाणं लग्नात वाजतं तेव्हा शंभर जण हात धरून रांगेत उभे राहतात. स्टेजनं जे बंद केलं ते टिमलीनं मांडवात पुन्हा उघडलं.

स्पर्धांनीही काही कमी दिलेलं नाही. रायपूरला २०१९ मध्ये राष्ट्रीय आदिवासी नृत्य महोत्सव भरला, राज्याराज्यांतून पथकं आली. असल्या मेळ्यांना जाणाऱ्या मुलीचा तो कित्येकदा पहिला रेल्वे प्रवास असतो. लंगोटी आणि राखेच्या नक्षीला हसणाऱ्या शहरात त्याच वेषाला टाळ्या मिळतात, तेव्हा मुलाची मान जी वर होते ती खोटी नसते. प्रमाणपत्र पुढे कुठल्या तरी अर्जाला जोडता येतं, तो फायदा वेगळाच.

निवड

मग बोचतं काय? त्या आश्रमशाळेतल्या तालमीला मी शेवटपर्यंत बसलो होतो. सरांनी बारा मुलं निवडली. उंची सारखी, चेहरा हसरा, पाऊल नेमकं. उरलेली शेकडो मुलं मैदानाच्या कडेनं बसली. त्यातली बहुतेक मार्चमध्ये आपापल्या पाड्याच्या होळीत नाचली होती. तिथे त्यांना कुणी निवडलं नव्हतं, त्यामुळे कुणी वगळलंही नव्हतं. इथे पहिल्यांदा त्यांना कळलं की नाच ‘चांगला’ किंवा ‘कमी’ असतो आणि आपल्याला टाळ्या वाजवायच्या आहेत.

स्पर्धा विजेता तयार करते असं आपण समजतो. विजेता फार नंतर येतो. त्याआधी तिला बघणारे तयार करावे लागतात, आणि ते नाचणाऱ्यांतूनच काढावे लागतात. ‘एनी बडी कॅन डान्स’ म्हणणाऱ्या सिनेमातही पहिलं काम होतं ते गट निवडण्याचं. वस्तीतली बाकीची माणसं शेवटी टीव्हीसमोर बसून ओरडतात, तेवढीच त्यांची भूमिका. मुंबईत ते खपून जातं, कारण तिथे नाच शिकावा लागतो. सातपुड्यात तो येतच असतो. त्यामुळे इथे निवड म्हणजे ज्याच्याकडे काहीतरी आधीपासून आहे त्याला ‘तू बस’ म्हणणं.

यावर स्पर्धा बंद करा असा उपाय कुणी सांगू नये. सरांना तसं विचारलं तर ते हसले असते. मुलांना ढाल हवी असते, शाळेला नाव हवं असतं. पण नियम माणसांनीच केलेले आहेत आणि ते बदलायला फार खर्च नाही. स्टेजऐवजी मैदान घ्या, परीक्षकांच्या खुर्च्या चारही बाजूंना मांडा, म्हणजे पाठ कुणाला दाखवायची हा प्रश्नच मिटेल. वेळ पाच मिनिटांऐवजी तासभर द्या. कडेला शेकोटी असू द्या, ढोल तापू द्या. संख्येची अट काढा आणि ज्या शाळेच्या गोलात शेवटच्या दहा मिनिटांत सर्वांत जास्त नवखे शिरले, तिला गुण द्या. परीक्षकांनाही शिरता आलं पाहिजे. ज्याला शिरावंसं वाटत नाही त्यानं या नाचाला गुण देऊ नयेत.

हा अंक हातात पडेल तेव्हा धडगाव आणि अक्कलकुव्याच्या कित्येक पाड्यांवरची कर्ती माणसं ऊसतोडीला गुजरातकडे निघालेली असतील. टिमलीच्या व्हिडिओतली काही पोरं त्यात असतील, काही बुध्येही असतील. सिनेमात गट फुटतो तो गैरसमजानं, इथे फुटतो तो मजुरीनं. डिसेंबर-जानेवारीच्या स्पर्धांना गावात जो उरला तो नाचतो, त्यामुळे तिथला निकाल कधीच पुरा खरा नसतो. होळीला मात्र सगळे परत येतात. मुकादमाची उचल फिटलेली असो वा नसो, त्या तारखेला फडावर थांबत नाहीत. कुणाला आपल्या नाचाच्या सिनेमासाठी ताकदीचे नाचणारे हवे असतील तर त्यानं ऑडिशन ठेवू नये. होळीच्या रात्री काठीला जावं आणि आधी स्वतः गोलात शिरावं.